पेरूचा बॉबकट

आमच्या सुनबाईंच्या हातात कात्री आली, की समोर काय आहे हे त्या बघत नाहीत. पडद्याचा दोरा लोंबतोय, काप. नवऱ्याच्या मिशीचं एक टोक वर गेलंय, काप. एकदा तर आमच्या ह्यांच्या कानावरचे केस जेवता जेवता कापले. हे घास गालात धरून पुतळ्यासारखे बसले होते. त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. पार्लरमध्ये केस कापणं हा तिचा धंदा आहे, आणि बायका तिच्यासाठी दोन-दोन तास ताटकळतात. माझं म्हणणं पेरूबद्दल आहे. तिनं माझ्या पेरूचा बॉबकट केला.

एकदा केला असता तर मी हसून सोडून दिलं असतं. पण दोन वर्षं, दर दीड-दोन महिन्यांनी, सुट्टीच्या दिवशी ती स्टूल घेऊन झाडाभोवती फिरायची आणि बाहेर आलेलं प्रत्येक कोवळं टोक कचाकच उडवायची. मग चार पावलं मागे जायची, मान तिरकी करायची, आणि राहिलेलं एखादं टोक परत येऊन कापायची. झाड दिसायचं झकास, ते मी नाकारत नाही. गोल गरगरीत, रस्त्यावरून जाणारे मान वळवून बघायचे. फक्त त्या दोन वर्षांत झाडानं तोंडात घालायला एक पेरू दिला नाही.

हे झाड मी लावलं तेव्हा माझा मुलगा रांगत होता. वीस वर्षं मी दुसऱ्याच्या पेरूच्या बागेत कामाला होते. तीनशे झाडं दर वर्षी या हातांखालून जायची. शाळा मी चौथीत सोडली, पण झाडाकडे बघून ते पुढच्या सहा महिन्यांत काय करणार आहे, हे मी आजही सांगते. घरचा पेरूही दर वर्षी मीच छाटायची. मग न्हाणीघरात घसरले आणि उजवं मनगट मोडलं. हाड जुळलं, पण बोटं पुरती मिटेनात. करवत धरता येईना, कात्री दाबता येईना. आणि त्याच वर्षी सुनबाईंनी मला न विचारता स्टूल झाडाखाली नेलं.

मी काही बोलले नाही. मला कुणी विचारलं नाही, म्हणून मी सांगितलं नाही. मागच्या दाराच्या पायरीवर बसून दोन वर्षं मी ती कापाकापी बघितली आणि तोंड मिटून राहिले. मला ओळखणाऱ्यांचा यावर विश्वास बसणार नाही.

तोंड उघडावं लागलं ते मुलामुळे. माझा मुलगा गवंडी आहे. थंडी सरत आली होती. एका सकाळी तो मागच्या अंगणात आला, घराच्या भिंतीपासून पेरूच्या पलीकडपर्यंत सुतळी ताणली आणि जमिनीवरच्या फरशीवर खडूनं रेघ मारली. पेरूचा बुंधा बरोबर रेघेच्या आत आला.

"हे काय?"

"खोली बांधतोय आई. हिच्या कामासाठी. किती वर्षं दुसऱ्याच्या पार्लरमध्ये उभी राहणार ती? दोन खुर्च्या, मोठा आरसा, एक बेसिन. बस्स."

"आणि माझं झाड?"

तो सुतळी गुंडाळत राहिला. "दोन वर्षं नुसतं उभं आहे ते. फळ नाही, काही नाही. जागा तेवढी अडवतं."

"तुझे वडील रिटायर होऊन चार वर्षं नुसते बसलेत. त्यांच्या जागी काय बांधणार आहेस?"

"मला मध्ये घेऊ नका," हे पेपरातून डोकं वर न काढता म्हणाले. यांनी जन्मभर बस चालवली. भांडण दिसलं की वेग कमी न करता बाजूनं गाडी काढायची सवय आहे.

मुलगा हसला, पण रेघ त्यानं पुसली नाही. "ठीक आहे. या हंगामात झाडानं फळ धरलं तर ते राहील, खोलीचं नाव काढणार नाही. नाही धरलं तर बुंध्याला करवत लावणार. कबूल?"

"कबूल."

सून दारात उभी होती. तिनं सगळं ऐकलं आणि आत गेली. खोली तिला किती हवी होती, ते मला सांगायची गरज नव्हती. संध्याकाळी घरी आली की ती आधी चपला काढते आणि स्वयंपाकघरातल्या गार फरशीवर दहा मिनिटं नुसती उभी राहते. घोटे पुरीसारखे फुगलेले असतात.

आता माझी पंचाईत बघा. झाड वाचवायचं तर लगेच छाटायला हवं. पेरू छाटायचा तो फळ उतरल्यावर आणि नवी पालवी फुटायच्या आधी. तो मुहूर्त पंधरा दिवसांवर आला होता. माझा हात चालत नाही. यांना शिडीवर चढवलं तर फांद्या राहतील बाजूला, यांनाच उतरवायला माणसं बोलवावी लागतील. मुलगा करवत लावेल ती बुंध्यालाच. उरली कोण? जिची खोली त्या झाडापायी अडली होती, तीच.

"सुट्टीच्या दिवशी माझं झाड कापशील का?" मी तिला सरळ विचारलं. "मी सांगेन तसं?"

"आई, मी तर कापतेच की."

"ते कापणं नव्हतं. ती दाढी होती."

ती हसली नाही. पण सुट्टीच्या दिवशी सकाळी डोक्याला फडकं बांधून आली, आणि पार्लरची कात्री घरातच ठेवून माझी करवत घेऊन आली. म्हटलं, चला, डोकं आहे.

लगेच मी तिला वर चढू दिलं नाही. आधी बुंध्याशी खाली बसवलं.

"वर बघ. काय दिसतं?"

"काही नाही. अंधार आहे. काटक्या आहेत सगळ्या वाळलेल्या."

"वरून टोपी आणि आत मसण. तू एक टोक कापलंस की त्याच्या खालून चार फुटतात. ती चार कापलीस की सोळा. वर अशी गादी झाली की आत ऊनच जाईना. अगं, पेरूच्या बुंध्याशी बसून सुईत दोरा ओवता आला पाहिजे, एवढा उजेड आत लागतो."

"पण टोकं कापली की वाढ चांगली होते ना? केसांचं तर—"

"केस मुळातून वाढतात. टोक कापलं तर डोक्याला पत्ताही लागत नाही. झाड टोकाला वाढतं. आणि पेरूला फूल कुठे येतं, ते ठाऊक आहे? नव्या फुटीवर. यंदाची जी कोवळी डहाळी, तिच्या पानाच्या बगलेत कळी. मग तू दर दीड महिन्यानं काय उडवत होतीस?"

तिचा चेहरा उतरला. "कळ्या," ती हळूच म्हणाली.

"कळ्या."

तिनं हातातली करवत मांडीवर ठेवली. मग मान वर करून म्हणाली, "दोन वर्षं तुम्ही इथे पायरीवर बसून बघत होतात आई. सांगितलं का नाहीत?"

मी पदर झटकून उठले.

"शिडी आण," मी म्हणाले.

शिडी धरायला हे आले. "येऊ दे, येऊ दे... डावीकडे मार थोडी... बास, बास!" अशी त्यांनी ती झाडाला टेकवली, जणू डेपोत गाडी लावतायत.

आधी खालची साफसफाई. बुंध्याच्या मुळाशी जे सरळसोट फुटवे येतात, ते फळही देत नाहीत आणि झाडाचं सगळं बळ ओढून घेतात. ते तिनं मुळासकट ओढून काढले. मग वाळकं लाकूड. मग एकमेकींना घासणाऱ्या फांद्या, दोघींतली कमजोर ती जाणार. मग आत वळलेल्या. मग काठीसारख्या ताठ आभाळाकडे निघालेल्या. मी खालून बोट दाखवत होते आणि ती वरून विचारत होती, "ही?" "नाही, शेजारची." "ही तर चांगली आहे!" "चांगली आहे, पण चुकीच्या जागी उभी आहे. तुझ्या सासऱ्यासारखी. अहो, शिडी धरा, पानं काय बघताय?"

तासाभरानं ती घाबरली. "आई, टक्कल पडेल हो."

"पडू दे. टकलावरच पेरू येतात."

मग मधेच एका फांदीवर हात ठेवून ती थांबली आणि एकदम म्हणाली, "हे आम्ही दाट केसांना करतो तसंच आहे! लांबीला हात लावायचा नाही, आतून हलकं करायचं."

"मग दोन वर्षं तेच का नाही केलंस?"

"झाडाला आतून केस असतात हे कुणी सांगितलं नव्हतं."

मी हसले. यांनी शिडी सोडून टाळी वाजवली आणि दोघींच्याही शिव्या खाल्ल्या.

जाड फांदीपाशी मात्र मी तिला दोनदा थांबवलं. जाड फांदी वरून एकदम कापायची नसते. निम्मी कापली गेली की वजनानं कडाडून तुटते आणि बुंध्याची साल लांबच्या लांब सोलत खाली येते. आधी खालून थोडी खाच घ्यायची, मग चार बोटं पुढे जाऊन वरून कापायचं, आणि फांदी पडल्यावर उरलेला ठोंब वेगळा काढायचा. तोही बुंध्याला चिकटून नाही. फांदी जिथून निघते तिथे एक फुगीर कडं असतं, ते राहू द्यायचं. जखम त्या कड्यातूनच भरून येते. तिनं एकदा ऐकलं आणि पाच फांद्या तशाच उतरवल्या, साल कुठे नखभरही निघाली नाही. मी ते बघून ठेवलं.

शेवटी वरची ती गादी. प्रत्येक फांदीवर मागे येत, जिथे जोमदार पानांची जोडी दिसेल तिथे वरचं सगळं उडवायचं. एरवी मी कुणालाही सांगेन की एका वर्षात चौथ्या हिश्श्याहून जास्त झाड काढू नका. त्या दिवशी आम्ही जवळजवळ तिसरा हिस्सा काढला, कारण दोन वर्षांची पापं होती. आत ऊन आल्यावर उघड्या पडलेल्या सालीला चटका बसू नये म्हणून पातळ चुना फासला. तो यांनी फासला. निम्मा स्वतःला.

मुलगा कामावरून आला आणि बघतच राहिला. "माझं अर्धं काम तुम्हीच केलंत की."

"बोलून घे," मी म्हणाले. "तुझी करवत गंजणार आहे."

पंधरा-वीस दिवसांत फांद्यांवरचे डोळे फुटून कोंब आले. पेरूची पानं जोडीनं, समोरासमोर येतात, म्हणून प्रत्येक कापाखाली फुटीही दोन-दोन, एक बाहेर जाणारी, एक आत वळणारी. आतली कोवळी असतानाच नखानं खुडायची. तेवढं काम माझ्या डाव्या हाताला जमण्यासारखं होतं, म्हणून मी सुनेला त्यातलं अक्षरही सांगितलं नव्हतं. नेमकी तेव्हाच सासरी असलेली माझी लेक आजारी पडली. मी तिच्याकडे गेले आणि तीन आठवडे तिथेच राहिले. खुडायचं साफ डोक्यातून गेलं.

परत आले ती सकाळी, मागच्या दारानं. पिशवी हातातच होती. झाडाखाली बघते तर कोवळ्या फुटींचा ढीग. हिरवागार, नुकताच तोडलेला, टोपलीभर तरी.

माझं डोकं फिरलं. ती कामावर निघाली होती, खांद्याला पर्स होती. तिथेच तिला धरलं. "साधलंस ना शेवटी? मी घरात नाही बघून झाड मारलंस! खोली पाहिजे होती तर समोरून करवत घ्यायची होतीस. असा पाठीमागून गळा घोटायची बुद्धी कुठून आली तुला? आणि मी मूर्ख, मीच तुला शिकवायला बसले!"

गल्लीतल्या दोन खिडक्या उघडल्या, इतका माझा आवाज चढला होता.

ती पांढरीफटक पडली. "आई, काय तोडलंय ते बघितलंत का?"

"ढीग दिसतोय मला!"

ती चपला घालून निघून गेली. फाटकसुद्धा आपटलं नाही, तेच मला जास्त लागलं.

हे पायरीवर बसले होते. सावकाश म्हणाले, "मागे न बघता गाडी मागे घेतलीस."

"म्हणजे?"

"झाड बघ की. मघापासून ढीगच बघतेयस."

मी झाडापाशी गेले. एक फांदी बघितली, मग दुसरी, मग सगळ्याच बघितल्या. प्रत्येक जोडीतली आतली फूट गेली होती, बाहेरची राहिली होती. एका ठिकाणीही चूक नव्हती. बुंध्याजवळचे नवे फुटवेही साफ. आणि राहिलेल्या डहाळ्या वीतभर झाल्या होत्या. त्यांच्या पानांच्या बगलेत हिरव्या मण्यांसारख्या कळ्या बसल्या होत्या, दोन-दोन, तीन-तीन.

"रोज कामावर जायच्या आधी अर्धा तास," हे म्हणाले. "मला विचारलं, बाबा, आतलं काढायचं असेल की बाहेरचं? मी म्हटलं, मला फक्त स्टेअरिंग कळतं. मग स्वतःच विचार करून म्हणाली, आतलंच, नाहीतर परत टोपी होईल."

संध्याकाळी ती आली. नेहमीसारखी गार फरशीवर उभी राहिली. मी चहा करून कप तिच्या हातात दिला. बोलायचं वाक्य दिवसभर तोंडात घोळवलं होतं, ते ऐन वेळी दातांच्या मागे अडकून बसलं.

तीच बोलली. "मला खोली हवी आहे आई. तेव्हाही हवी होती, आत्ताही हवी आहे. पण झाड मारायचं असतं तर मला काहीच करावं लागलं नसतं. गप्प बसून बघत राहिले असते, तरी ते गेलं असतं." तिनं चहाचा घोट घेतला. "नुसतं बसून बघत राहणं मला नाही जमत."

टोला कुणाला होता ते मला कळलं. मी माझा चहा प्याले, तिनं तिचा प्याला, आणि ते वाक्य त्या दिवशीही निघालं नाही, पुढे चार महिनेही नाही.

पेरू धरले. असे धरले की फांद्यांना काठ्यांचे टेकू द्यावे लागले. जिथे तीन एका ठिकाणी आले, तिथे तिनं स्वतःच दोन खुडले आणि एक मोठा होऊ दिला. उतरवले तेव्हा दोन बादल्या, एक टब आणि मुलाचं घमेलं भरलं. मुलानं एक पेरू खाल्ला, दुसरा खाल्ला, मग ओलं फडकं आणून फरशीवर जी काही खडूची रेघ शिल्लक होती ती पुसून टाकली. शब्दाला पक्का आहे, माझाच मुलगा तो. खोलीचं नाव त्यानंतर कुणी काढलं नाही. सुनेनंही नाही. तिनं फक्त एक नंबर मोठ्या चपला घेतल्या, कारण संध्याकाळी जुन्या पायात शिरेनात.

त्या चपला मी आठ दिवस दारात बघितल्या. नवव्या दिवशी सुट्टी होती. शेवटचा पेरू उतरून झाला होता, नवी पालवी अजून आली नव्हती. छाटायला हवा तसा दिवस. मी मुलाला सुतळी घेऊन बोलावलं, सुनेला करवत घेऊन, यांना शिडी घेऊन.

"ती भिंतीकडची फांदी," मी म्हणाले. "मांडीएवढी जाड आहे ती. ती आज जाणार. मग बुंध्यापासून चार हात सोडून भिंत येते का, मोज."

मुलानं मोजलं. परत मोजलं. "येते आई. पण दोन खुर्च्या नाही बसणार. एकच."

"एका वेळी एकच डोकं कापते ना ती?"

"पाया खणताना त्या बाजूची मुळं तुटतील."

"म्हणून तर फांदी त्याच बाजूची काढायची. मुळं कमी झाली तर वरचं ओझंही कमी झालं पाहिजे. ते मला शिकवू नकोस. पाया उथळ घे, खांबांवर घे, काय ते तुझं तू बघ."

सून करवत घेऊन तशीच उभी होती. "आई, नको. सगळ्यात जास्त पेरू याच फांदीला लागले होते. तुमचं झाड जिंकलंय. मी काही मागितलेलं नाही."

"मागितलं नाहीस, ते मला दिसतंय. आता मी बोलते ते ऐक, मध्ये तोंड घालू नकोस. तू उद्धट आहेस. सासूला टोला मारतेस आणि वर तिच्याच हातचा चहा पितेस. दोन वर्षं माझं झाड भादरलंस, ते मी मरेपर्यंत ऐकवणार. पण त्या दिवशी दारात मी तुला जे बोलले, ते सगळं खोटं होतं. आणि दोन वर्षं मी पायरीवर गप्प बसले, ती चूक तुझ्या कात्रीपेक्षा मोठी होती. हे एकदाच सांगतेय, परत विचारलंस तर असं काही बोललेच नाही म्हणेन. फांदी जाणार, खोली होणार, आणि कापणार तूच. या घरात झाडाला हात लावायची लायकी आता एकीचीच आहे, ती तुझी. चढ वर."